डोळ्यांच्या तपासणीची तयारी

शिक्षकांच्या एका मासिकाच्या अंकासाठी संपादकांचा फोन आला तेव्हा मी लोहारा गावच्या माझ्या घरी मेथी निवडत बसले होते. "मॅडम, तुमच्या वाचनगटांबद्दल लिहा, तालुक्यात तुमचं नाव होतं," असं ते म्हणाले. नाव होतं हे खरं आहे, उगाच विनय कशाला दाखवू? आसपासच्या शाळांच्या केंद्राच्या बैठकीत एखाद्या शाळेची मुलं वाचत नाहीत असं निघालं की केंद्रप्रमुख साहेब म्हणायचे, "बाईंच्या शाळेत जाऊन एक दिवस बसा." लोक यायचे, बसायचे, चहा घ्यायचे आणि "आमच्याकडे एवढा वेळ नाही हो" म्हणून उठायचे. वेळ माझ्याकडे तरी कुठे होता? दिग्रसपासून ऑटोनं अर्ध्या तासावरचा बंजाऱ्यांचा तांडा, चार वर्ग आणि दोन शिक्षक. गणित आणि कागदपत्रं मुख्याध्यापक सरांकडे, चारही वर्गांची भाषा माझ्याकडे, अशी आम्ही आपसात वाटणी करून घेतली होती.

लिहिते. पण संपादकांना हवं आहे तसं माझ्याकडून होईल असं वाटत नाही.

ज्यांनी हे काम पाहिलेलं नाही त्यांना आधी सांगते. वर्गात पन्नास मुलं असली तरी वाचायला मी एका वेळी सहाच घ्यायची. इयत्तेप्रमाणे नव्हे, ज्याला जेवढं वाचता येतं त्याप्रमाणे. दुसरीतली मुलगी आणि चौथीतला मुलगा एका गटात बसले तरी चालायचं, फक्त चौथीतल्याला वाईट वाटू नये म्हणून गटांना नंबर नव्हते, पाखरांची नावं होती. बाकीची पोरं पाटीवर काहीतरी करत असायची, निदान तसं दाखवत असायची. सहा जण चटईवर अर्धगोल बसत. प्रत्येकाच्या हातात तेच बारा-सोळा पानांचं पुस्तक, पानावर दोन ओळी आणि एक चित्र. पुस्तक असं निवडायचं की दहा शब्दांतला एखादाच अडेल. अगदी सोपं दिलं तर मूल झोपतं आणि अवघड दिलं तर पुस्तकाचा राग धरतं.

आधी चित्रांवर गप्पा. हे आमच्याकडे फार गरजेचं. तांड्यावरच्या मुलांच्या घरी गोरबोली, आई म्हणजे याडी आणि भाकरी म्हणजे बाटी. पुस्तकात याडी पण नाही आणि बाटी पण नाही. शिकवायला आलेल्या बाईला हे समजलं नाही तर ती मुलांनाच मठ्ठ ठरवून मोकळी होते. पहिली दोन वर्षं मीही ठरवलं होतं. गप्पा झाल्या की मग प्रत्येकानं आपलं आपण, पुटपुटल्यासारखं वाचायचं. एका सुरात नाही. आणि मी डावीकडून सुरुवात करून एकेकाजवळ वाकायची, त्याच्या तोंडाशी कान न्यायची आणि मिनिटभर ऐकायची. अडला तरी लगेच सांगायचं नाही. मनातल्या मनात पाच आकडे मोजायचे. तेवढ्यात तो स्वतःच सुधारला तर तो शब्द जन्मभर त्याचा. सगळी कला या पाच आकड्यांत होती, आणि मला वाटायचं की ती मला येते.

तांड्याचे नायक, म्हणजे तिथले मुख्य, सत्तरीचे गृहस्थ. एकदा काठी टेकत शाळेत आले आणि दारातूनच म्हणाले, "मॅडम, पहिले शाळेतून पाढे म्हणाचा आवाज यायचा, रस्त्यावरून जाणाऱ्याले समजे का शाळा हाये. आता आवाजच नाही येत. शिकवून राह्यल्या का झोपवून राह्यल्या पोराईले?" मी त्यांना चटईवर गटात बसवलं. सहा पोरं सहा वेगवेगळ्या वाक्यांवर गुणगुणत होती. नायकांनी थोडा वेळ ऐकलं आणि म्हणाले, "हे त मधाचं पोळं झालं." त्यानंतर त्यांनी तक्रार केली नाही.

मुलं गटात वाचतात तेव्हा वाचण्याखेरीज पुष्कळ काही करत असतात. विलास म्हणून एक मुलगा होता. आईबाप ऊसतोडीला गेले की तो आजीजवळ राहायचा. रोज एका ठरावीक ठिकाणी अडायचा, दुसऱ्या पानाच्या शेवटी. पुस्तक कुठलंही असो. मी पाठीवर हात ठेवला की पुढे सरकायचा. महिनाभरानं माझ्या ध्यानात आलं की त्याला सगळं वाचता येतं, पाठीवर हात यावा म्हणून तो अडतो. मग मी तो अडायच्या आधीच हात ठेवायला लागले आणि विलास धडाधड वाचत सुटला. ही गोष्ट मी किती प्रशिक्षणांत सांगितली असेल याला हिशोब नाही. मुलाच्या ओठाशी कान नेला की त्याच्या पोटातलं कळतं, असं मी टेचात सांगायची. नव्या शिक्षिका वहीत उतरून घ्यायच्या.

पल्लवीची गोष्ट मी कुठल्याच प्रशिक्षणात सांगितली नाही.

पल्लवी माझ्याकडे आली ती पहिलीत, दोन वेण्या आणि पुढचे दोन दात नसलेली. अक्षरं भराभर शिकली. दुसरीत तिला मी पुढच्या गटात घेतलं. तिथे दोन्ही बाजूंना नीट वाचणाऱ्या मुली, मध्ये ही. मी डावीकडून सुरुवात करायची, पल्लवी चौथी. तिच्यापर्यंत पोचून कान नेला की ती असं वाचायची की ऐकत राहावं. नुसतं न अडखळता नाही, गोष्टीतली म्हातारी म्हातारीसारखी बोलायची आणि कोल्हा कोल्ह्यासारखा. तांड्यावरच्या मुलांचा कान मुळातच तयार असतो. होळीला बाया लेंगी गातात, एकेक गाणं केवढं लांब, आणि त्यांच्या मागे फिरणाऱ्या पोरींना ते एका रात्रीत पाठ. हे मला माहीत होतं. माहीत असून मी त्याचं फक्त कौतुक केलं.

दुसरीत असताना ती पुस्तक डोळ्यांजवळ धरायची. मी सगळ्यांनाच शिस्त लावली होती, पुस्तक हातभर लांब, पाठ ताठ. तिचं पुस्तक मी रोज दोन बोटांनी धरून लांब करायची. चार-आठ दिवसांत सवय लागली. पुस्तक मांडीवर, मान सरळ, नजर पुस्तकावर, आणि वाचन झकास. आता वाटतं, पुस्तक लांब गेल्यावर त्यातलं तिला काहीच दिसत नव्हतं, म्हणून ते जवळ धरायची गरजही उरली नव्हती. डावीकडच्या तिघींचं गुणगुणणं तिच्या कानात आधीच गेलेलं असायचं. तिचं लिहिणं मात्र गिचमिड, ओळ सोडून भलतीकडे जाणारं. वाचनात हुशार मुलं लिहायला आळशी असतात, असं मी तिच्या आईला सांगितलं.

ती तिसरीत गेली त्या पावसाळ्यात शाळेत आरोग्य तपासणीचं पथक येणार असं कळलं. डॉक्टर येऊन मुलांचं वजन, दात, डोळे तपासतात, प्रत्येकाचं कार्ड भरतात. यात घाबरण्यासारखं काय आहे असं तुम्ही म्हणाल. पण आदल्या वर्षी शेजारच्या केंद्रातल्या एका शाळेत असं झालं होतं की डोळ्यांचा तक्ता लावला आणि निम्म्या मुलांना त्यावरची अक्षरंच सांगता आली नाहीत. डोळे चांगले होते, अक्षरं येत नव्हती. पथकानं शेऱ्यात तसं लिहिलं. तो शेरा बैठकीत वाचून दाखवला गेला आणि त्या मास्तरांचं तोंड एवढंसं झालं. मी तिथे बसले होते.

तशाच अक्षरांचा एक तक्ता आमच्या शाळेतही होता, कपाटामागे गुंडाळून ठेवलेला. मी तो काढला, पुसला आणि भिंतीवर लावला. तीन दिवस रोज प्रार्थनेनंतर सगळ्या मुलांकडून घोटून घेतला. वरचं मोठं अक्षर, मग खालची ओळ, मग त्याखालची. लहानांना जवळ नेऊन, बोट ठेवून. एक डोळा झाकून कसं उभं राहायचं तेही शिकवलं. एरवी एका सुरात वाचायच्या विरुद्ध असलेली मी, त्या तीन दिवसांत पोरांकडून एका सुरात म्हणवून घेत होते. मला यात काही वावगं वाटलं नाही. कुणीतरी तपासायला येणार म्हटलं की तयारी करायची, हे आम्हा शिक्षकांच्या अंगात इतकं भिनलेलं असतं की डोळ्यांच्या तपासणीचीही तयारी करून घेतली. सरांनीसुद्धा "चांगलं केलं" असंच म्हटलं.

पथक आलं. तरुण डॉक्टर, त्यांना त्या दिवशी अजून दोन शाळा करायच्या होत्या. तक्ता आमचाच वापरला, लावलेलाच होता. मी हुशार मुलं रांगेत मागे ठेवली होती, शेवट चांगला व्हावा म्हणून. पल्लवी शेवटून दुसरी. खडूच्या रेघेवर उभी राहिली, आधी डावा डोळा झाकला, मग उजवा, आणि दोन्ही वेळा शेवटच्या ओळीपर्यंत धडधडीत म्हणून दाखवलं. डॉक्टर हसून म्हणाले, "एवढी नजर तर माझी पण नाही बेटा." सगळी पोरं हसली. कार्डावर दोन्ही डोळे चांगले असं लिहिलं गेलं, आणि खाली वर्गशिक्षक म्हणून मी सही केली. शेऱ्यात आमच्या शाळेबद्दल चांगले शब्द होते.

दिवाळीनंतर तिची आई शाळेत आली. सुमनबाई. पल्लवीचे वडील प्रकाशभाऊ ऊसतोडीला गेले होते, सासूला आणि लेकरांना घेऊन ही घरी. दाराशी चपला काढून आत आली आणि माझी गटाची वेळ संपेपर्यंत कोपऱ्यात उभी राहिली.

"मॅडम, पोरीले संध्याकाळच्या वक्ताले बराबर दिसत नाही असं वाटते मले. काल विहिरीच्या पायरीवर ठोकरली. तांदूळ निवडाले देल्ले त नाकाजवळ घेते."

"अहो, पावसाळ्यातच डोळे तपासले ना तिचे," मी म्हटलं. कपाटातून कार्ड काढलं. सुमनबाईंना वाचता येत नव्हतं, म्हणून मी वाचून दाखवलं. दोन्ही डोळे चांगले. डॉक्टरांची सही, माझी सही. "सगळ्या शाळेत हिचे डोळे तेज निघाले. टीव्ही कमी पाहू द्या."

त्यांनी कार्डाला हात लावून पाहिला. "डाक्टरनं लिहिलं म्हणता त ठीक हाये," म्हणाल्या आणि गेल्या.

होळीच्या आधी त्या पुन्हा आल्या. या वेळी पोरीचं डोकं दुखतं, डोळ्यांतून पाणी गळतं, उन्हात डोळे मिटून चालते असं सांगत होत्या. "मॅडम, यवतमाळले नेऊ का? पल्लवीचे बाबा नाही इथं. सासूबाई म्हणते, कायले उगा नाटक. तुमी म्हणसान त नेतो." वर्षअखेरची वाचनचाचणी तोंडावर होती आणि माझ्यासमोर दोन गट खोळंबले होते. त्या शिक्षिकेकडे सल्ला मागायला आल्या होत्या आणि शिक्षिका घाईत होती. मी पुन्हा तेच कार्ड काढलं. "कशाला खर्चात पडता? ऊन लागलं असेल. गुलाबपाणी घाला." तो सल्ला मीच दिला, माझ्या तोंडानं.

पल्लवी चौथीत असताना दिवाळी झाली आणि गटातल्या तीन मुली आईबापांबरोबर ऊसतोडीला गेल्या. त्यात तिच्या डावीकडच्या दोघी होत्या. पल्लवी गप्प झाली. मैत्रिणी गेल्या म्हणून रुसली असेल असं मला वाटलं. मी जुनंच एक पुस्तक काढलं, गेल्या वर्षी झालेलं, तिचं आवडतं. त्याची दोन पानं खळ लागून एकमेकांना चिकटलेली होती, ते मला माहीत होतं. ती वाचू लागली आणि त्या चिकटलेल्या पानांवर पोचली. दोन्ही पानं एकदमच उलटली गेली होती, समोर त्यापुढचं चित्र होतं, आणि ती मधल्या पानांवरची गोष्ट वाचत होती. म्हातारीच्या आवाजात. न चुकता.

मी पाच आकडे मोजले नाहीत. पुस्तक बंद केलं आणि तिच्यासमोर बोट धरून विचारलं, "किती?"

"तीन," ती म्हणाली. बोट एकच होतं. "नाही, दोन. मॅडम, तुम्ही खिडकीसमोर बसल्या ना, म्हणून समजत नाही."

दुसऱ्या दिवशी मी रजा टाकली आणि सुमनबाईंना आणि तिला घेऊन बसनं यवतमाळला गेले. मोठ्या दवाखान्यात दुपारपर्यंत तपासण्या झाल्या. काचबिंदू. लहान मुलांनाही होतो हे मला तोवर माहीत नव्हतं. डोळ्यातला दाब वाढत जातो आणि नजर कडेकडेनं संपत येते. डावा डोळा गेल्यातच जमा, उजव्यात थोडं उरलेलं, तेही टिकेल याची खात्री नाही. शस्त्रक्रिया करू, पण गेलेली नजर परत येत नाही, असं डॉक्टरीणबाईंनी सांगितलं. त्या पल्लवीला म्हणाल्या, "बाळा, दिसत नाही हे घरी सांगितलं नाहीस?"

"मले वाटे सगळ्यायले असंच दिसते," पल्लवी म्हणाली.

मग त्यांनी आमच्याकडे वळून विचारलं, "शाळेत तपासणी झाली नव्हती? वर्ष-दीड वर्ष आधी आणली असती तर बरंच वाचवता आलं असतं." सुमनबाईंनी माझ्याकडे पाहिलं. "झाली होती," एवढं मी बोलले. तक्त्याचं बोलले नाही. कार्ड वाचून दाखवल्याचंही बोलले नाही. डॉक्टरीणबाईंनी कागदावर काहीतरी लिहिलं आणि पुढच्या पेशंटला बोलावलं. परतीच्या बसमध्ये पल्लवी आईच्या मांडीवर झोपली होती आणि सुमनबाई खिडकीबाहेर बघत होत्या.

खरी चूक इथपर्यंतचीही नाही. इथपर्यंतची अज्ञानाची होती असं मी स्वतःला सांगू शकते, आणि सांगतही आले. पुढची मात्र तशी नाही.

प्रकाशभाऊ निरोप मिळाल्यावर ऊस सोडून परत आले. तांड्यावर एकच बोलणं सुरू झालं होतं. माय घरी होती, मायले दिसलं नाही? सासू बोलली, नणंदा बोलल्या. सुमनबाई म्हणत होत्या की मी शाळेत दोन वेळा जाऊन आले, मॅडमनी कार्ड दाखवून परत पाठवलं. कुणाचा विश्वास बसेना. मॅडम स्वतः रजा टाकून पोरीला यवतमाळला घेऊन गेल्या, त्या अशा कशा करतील? मग एक दिवस शाळा सुटायच्या वेळी प्रकाशभाऊ आले. टोपी हातात धरून उभे राहिले.

"मॅडम, एक विचारतो, राग नका येऊ देऊ. पल्लवीची आई म्हणते का मी दोन डाव शाळेत आलती, पोरीच्या डोळ्याचं सांगाले. आलती का थे?"

मी म्हटलं, "मला आठवत नाही, भाऊ. रोज कितीतरी बाया येऊन जातात."

असं म्हणताना मला दोन्ही वेळचं लख्ख आठवत होतं. कुठल्या कोपऱ्यात त्या उभ्या होत्या, तेसुद्धा. पण कार्डाचं निघालं असतं तर तक्त्याचं निघालं असतं, तक्त्याचं निघालं असतं तर चौकशी, आणि तालुक्यातल्या माझ्या नावाचं काय झालं असतं ते मला दिसत होतं. प्रकाशभाऊ "बरं जी" म्हणाले आणि गेले. त्यानंतर सुमनबाई शाळेत कधी आल्या नाहीत. त्याच वर्षी वाचनाच्या कामाबद्दल माझा तालुक्याला सत्कार झाला. शाल, नारळ. मी नको म्हटलं नाही.

पल्लवी अमरावतीला अंध मुलींच्या निवासी शाळेत गेली. उजव्या डोळ्यातलं उरलेलंही दोन-तीन वर्षांत गेलं. मी प्रकाशभाऊंकडे खुशाली विचारायची, पैसे पाठवू का म्हणायची, ते नको म्हणायचे. मग मी निवृत्त झाले आणि लोहाऱ्याला आले. कुणी विचारलंच तर मी म्हणायची, बिचारीचं नशीब.

संपादकांचा फोन आल्यावर काही उदाहरणं मिळतील म्हणून जुन्या वह्या काढल्या. गटात ऐकताना मी रोज नोंदी करायची, कोण कुठे अडलं, कुणी काय सुधारलं. पल्लवीच्या नावापुढे दोन वर्षं रोज एकच शब्द, उत्तम. आणि दोन ठिकाणी समासात, माझ्याच अक्षरात, "पल्लवीची आई आली. डोळ्यांबद्दल. कार्ड वाचून दाखवलं." मी निघताना घाईत लिहून ठेवलेलं. आठवत नाही म्हणणाऱ्या बाईच्या हातचंच लिहिलेलं होतं ते. चार दिवसांनी मी दिग्रसची बस धरली.

तांड्यावर घर तेच, पुढे पत्र्याचा मांडव नवा. पल्लवी सुट्टीवर आलेली होती. एकोणीस वर्षांची, उंच, कॉलेजात जाणारी. माझा आवाज ऐकताच "मॅडम!" म्हणून उठली आणि माझा हात धरून मला खाटेवर बसवलं. मांडीवर जाड पुस्तक होतं, ठिपक्यांचं. "आता बोटानं वाचतो, मॅडम. इथं पाठ करून चालत नाही," असं ती हसत म्हणाली. प्रकाशभाऊ थकलेले दिसले. आजी भिंतीला टेकून वाती वळत होत्या. सुमनबाईंनी चहा आणून माझ्यापुढे ठेवला आणि लगेच आत वळल्या. त्यांचे केस पांढरे झाले होते.

"सुमनबाई, थांबा," मी म्हटलं. "मी तुमच्यासाठी आले आहे."

आणि मी सांगितलं. तक्ता भिंतीवर लावला, तीन दिवस पाठ करून घेतला. सुमनबाई दोन वेळा शाळेत आल्या होत्या. दोन्ही वेळा मी कार्ड वाचून दाखवून परत पाठवलं. दुसऱ्या वेळी यवतमाळला नेऊ का असं यांनी विचारलं होतं आणि मी नको म्हटलं. प्रकाशभाऊ विचारायला आले तेव्हा मला सगळं आठवत होतं, मी खोटं बोलले.

पल्लवीची बोटं पुस्तकावर थांबली होती. ती आईच्या दिशेनं वळली.

"आई, तू खरंच आलती शाळेत?"

"दोन डाव," सुमनबाई म्हणाल्या.

"मले वाटे तुले समजलंच नाही," पल्लवी म्हणाली. "इतके दिवस मले तेच वाटे."

तेव्हा मला कळलं की या घरात सुमनबाईंना दोष देणाऱ्यांत इतकी वर्षं पल्लवीही होती. मी माफी मागायला तोंड उघडलं, पण सुमनबाईंनी हात वर केला. रडल्या नाहीत. सासूजवळ गेल्या, त्यांच्या हातातला कापूस काढून बाजूला ठेवला आणि त्यांचा चेहरा माझ्याकडे वळवला.

"माया सासूले कमी ऐकू येते, मॅडम," त्या म्हणाल्या. "तुमी बोलल्या थे त्याईले समजलं नाही. मोठ्यानं सांगा."

मांडवाच्या बाहेर दोन-तीन शेजारणी येऊन उभ्या राहिल्या होत्या. मी खाटेवरून उठले, म्हाताऱ्या आजींच्या समोर जाऊन बसले आणि पुन्हा पहिल्यापासून, बाहेर ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं सांगायला सुरुवात केली.